कोर्टातून पोलीस बंदोबस्त मिळतो म्हणजे नेमकं काय मिळतं?

"वकीलसाहेब, काहीही करा, पण उद्याच्या उद्या कोर्टातून पोलीस आणून द्या."

असा फोन नागपुरात वकिली करणाऱ्याला वर्षातून दोन-चारदा तरी येतोच. पलीकडे कधी हिंगणा एमआयडीसीतला कारखानदार असतो, कधी कळमन्याकडचा गोदामवाला, कधी बुटीबोरीला माल पोचवणारा ट्रान्सपोर्टर. गोष्ट थोड्याफार फरकाने एकच. फाटकासमोर मांडव पडलाय, लोक बसलेत, गाड्या आत जाईनात. ठाणेदार येऊन बघून गेला आणि म्हणाला, तुमचं तुम्ही मिटवा. फोन करणाऱ्याच्या डोळ्यांपुढे चित्र असं असतं की न्यायाधीश सही करतील, पोलिसांची गाडी येईल, मांडव उचलेल आणि दुपारपर्यंत मशिनी सुरू.

तसं होत नाही. कोर्टाकडे स्वतःचे पोलीस नसतात. पोलिसांवर कायद्याने जे काम आधीपासूनच आहे ते करा, एवढंच कोर्ट त्यांना बजावू शकतं. आणि तेही फाटकापुरतं. माणसं, माल आणि गाड्या यांची ये-जा चालू राहिली पाहिजे, हे कोर्ट बघतं. बाहेर बसलेल्यांनी तुमच्याविरुद्ध घोषणा देऊ नयेत, फलक लावू नयेत, तुमची अब्रू वेशीवर टांगू नये, असं काही त्या आदेशातून सहसा मिळत नाही. बरेच मालक आदेश हातात आल्यावर नाराज होतात ते यामुळेच.

राज्यघटनेचं कलम 19 उघडून बघा. कोणताही धंदा-व्यवसाय करण्याचं स्वातंत्र्य त्यात आहे. बोलण्याचं, संघटना बांधण्याचं आणि शांततेने, शस्त्राविना एकत्र जमण्याचं स्वातंत्र्यही त्यातच आहे. म्हणजे फाटकाच्या आतला आणि बाहेरचा, दोघेही कोर्टात एकच पान उघडून दाखवतात. 1962 मध्ये कामेश्वर प्रसाद खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने शांततेतली निदर्शनं हा बोलण्याचाच प्रकार मानला. 1969 मध्ये रेल्वे बोर्ड विरुद्ध निरंजन सिंग या खटल्यात त्याच न्यायालयाने दुसरी बाजू सांगितली: हक्क आहे म्हणून दुसऱ्याच्या मालकीच्या जागेत शिरून सभा घेता येत नाही. या दोन निकालांच्या मध्ये उरतो तो फाटकासमोरचा रस्ता, आणि भांडणं सगळी तिथेच होतात.

"तुमचं तुम्ही मिटवा"

ठाणेदार असं का म्हणतो? त्याच्या हिशेबाने हा मालक-कामगारांचा किंवा कंपनी-गावकऱ्यांचा वाद आहे, म्हणजे दिवाणी. त्यात हात घातला की संध्याकाळी पुढाऱ्याचा फोन, सकाळी पेपरात फोटो. माणसंही मोजकी. डिसेंबर असेल तर विचारूच नका. हिवाळी अधिवेशनात यशवंत स्टेडियमपासून मॉरिस कॉलेज टी-पॉइंटपर्यंत मोर्च्यांचीच रांग लागलेली असते आणि बाहेरच्या जिल्ह्यांतून पोलीस मागवावे लागतात. अशा वेळी तुमच्या फाटकावर दोन शिपाई द्यायचे कुठून, हा त्याचा प्रश्न खोटा नाही.

पण कायद्यात तो बसत नाही. ज्याला ज्या दिशेने जायचा हक्क आहे, त्याला तिकडे जाण्यापासून अडवणं म्हणजे गैरनिरोध. भारतीय न्याय संहितेचं कलम 126. शिक्षा फार नाही: एक महिन्यापर्यंत साधी कैद, किंवा 5,000 रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. पण गुन्हा दखलपात्र आहे, म्हणजे पोलीस वॉरंटशिवाय अटक करू शकतात, आणि सगळी मेख इथेच आहे. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 168 प्रमाणे दखलपात्र गुन्हा होऊ नये म्हणून पोलीस अधिकाऱ्याला मध्ये पडता येतं, आणि आपल्या ताकदीप्रमाणे तो गुन्हा रोखणं त्याच्यावर बंधनकारकही आहे. (कोर्टाच्या आवारात अजून आयपीसीचं 341 आणि सीआरपीसीचं 149 हेच आकडे ऐकू येतात. 1 जुलै 2024 ला आकडे बदलले, जिभेची सवय नाही बदलली.) तेव्हा वाद दिवाणी असला तरी गाडीपुढे आडवं पडणं दिवाणी नाही. पगारवाढ द्यावी की नाही हे पोलिसांनी ठरवायचं नसतं. ट्रक रस्त्यावरून जाऊ शकतो की नाही हे मात्र त्यांनीच बघायचं असतं.

हा प्रश्न सगळ्यात उघडपणे आला 1967 साली, कलकत्त्यात. बंगालमध्ये तेव्हा घेरावाची लाट होती. साहेबाला त्याच्याच कचेरीत कोंडायचं आणि मागण्या मान्य होईपर्यंत बाहेर पडू द्यायचं नाही. राज्य सरकारने परिपत्रक काढलं की कारखान्यात घेराव झाल्यास पोलिसांनी परस्पर न जाता आधी कामगारमंत्र्यांना कळवावं. जय इंजिनिअरिंग वर्क्स ही कंपनी उच्च न्यायालयात गेली आणि न्यायालयाने ती परिपत्रकं रद्द केली. माणसाला कोंडून ठेवणं हा दखलपात्र गुन्हा. तो डोळ्यांदेखत घडत असताना पोलिसांनी हलायचं की थांबायचं हे मंत्र्याच्या मर्जीवर ठेवता येत नाही, हा त्या निकालाचा गाभा. आज ठाणेदार वरून सूचना नाहीत म्हणतो तेव्हा त्याला उत्तर म्हणून हाच निकाल आठवतो.

दुसरा निकाल 1989 चा, एस. रंगराजन खटल्यातला. निदर्शनांची किंवा हिंसेची धमकी आहे म्हणून कायदेशीर गोष्ट बंद पाडणं म्हणजे धाकदपटशापुढे कायद्याने मान टाकणं, असा त्याचा आशय. तो खटला सिनेमाचा होता, पण मुद्दा धंद्यालाही तितकाच लागू पडतो.

आधी सांगा, बाहेर बसलंय कोण?

पक्षकार ऑफिसात आला की मी पहिला प्रश्न हाच विचारतो. उत्तरावर सगळं अवलंबून आहे: कोणत्या कोर्टात जायचं, काय मागायचं, मिळेल किती.

बाहेर तुमचेच कामगार असतील तर रस्ता वेगळा. संपाला आणि संघटनेला कायद्याने संरक्षण आहे. 1926 च्या ट्रेड युनियन कायद्यापासून हे चालत आलं आहे की औद्योगिक वादात संघटनेने काम थांबवायला सांगितलं म्हणून मालकाला तिच्यावर नुकसानभरपाईचा दावा सहजासहजी लावता येत नाही. पण महाराष्ट्राच्या 1971 च्या कायद्यात, ज्याला आम्ही एमआरटीयू-पल्प म्हणतो, संघटनांनी काय करू नये याचीही यादी आहे. संपात नसलेल्या कामगाराला आत जाताच येणार नाही अशा रीतीने फाटक अडवणं, अधिकाऱ्यांना घेराव घालणं, मालकाच्या किंवा मॅनेजरच्या घरासमोर निदर्शनं करणं, हे सगळं त्यात आहे. 21 नोव्हेंबर 2025 पासून केंद्राच्या चार कामगार संहिता लागू झाल्या. त्यातल्या औद्योगिक संबंध संहितेतही ही यादी जवळपास तशीच आली आहे. या 1971 च्या कायद्याखाली तक्रार होऊ शकेल अशा गोष्टीसाठी मालकाला साध्या दिवाणी कोर्टात जाता येत नाही. त्याने औद्योगिक न्यायालयात जायचं आणि तिथे अंतरिम आदेश मागायचा. चुकीच्या दारात गेलेल्या मालकाचे आठ-दहा दिवस नुसते बाहेर पडण्यात जातात, आणि फाटक तेवढे दिवस बंदच.

बाहेर गावकरी असतील, म्हणजे धूळ, सांडपाणी, जमिनीचा मोबदला किंवा 'आमच्या पोरांना नोकऱ्या द्या' हा विषय असेल, तर दिवाणी न्यायालयात मनाई हुकमाचा दावा करता येतो. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 39 खाली तात्पुरती मनाई मागायची. त्यासाठी तीन गोष्टी दाखवाव्या लागतात: प्रथमदर्शनी बाजू आपली आहे, मनाई न दिल्यास आपली गैरसोय जास्त होईल, आणि पुढे पैशाने भरून निघणार नाही असं नुकसान होतं आहे. मनाई मिळूनही कोणी जुमानत नसेल तर त्याच कोर्टात, त्याच संहितेच्या कलम 151 खाली, पोलीस मदत मागता येते. मीरा चौहान विरुद्ध हर्ष बिश्नोई या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने हे पक्कं केलं. बाहेर बसलेल्यांची नावंच ठाऊक नसली तरी अडत नाही. नाव माहीत नसलेल्या प्रतिवादीला आपल्याकडे 'अशोक कुमार' म्हणून उभं करायची पद्धत आहे. त्या नावाच्या सगळ्या सज्जनांनी क्षमा करावी.

तिसरा प्रकार म्हणजे आंदोलनाचा झेंडा पुढे आणि मागे दरपत्रक. गाडीमागे इतके द्या, लोडिंग आमच्याच पोरांकडून करून घ्या, नाहीतर उद्या गाडी सुटणार नाही. माथाडीचं नाव घेऊन असं करणारेही असतात. 1969 च्या माथाडी कायद्याखालचा खरा कामगार मंडळात नोंदलेला असतो, त्याची मजुरी मंडळामार्फत जाते. त्याचा या वसुलीशी संबंध नाही. या प्रकारात पोलीस संरक्षणाची याचिका घेऊन धावण्याआधी खंडणीची फिर्याद द्यावी, न्याय संहितेचं कलम 308. इथे तोल साधायचा प्रश्नच येत नाही.

सिव्हिल लाइन्सची पायरी

मग उच्च न्यायालय कधी? पोलीस आपलं काम करत नाहीत, ही तक्रार असेल तेव्हा. कलम 226 खाली उच्च न्यायालय सरकारी यंत्रणेला तिचं कर्तव्य करायला भाग पाडू शकतं. त्या आदेशाला मँडॅमस म्हणतात, मराठीत महादेश. विदर्भातल्या माणसाला त्यासाठी मुंबई गाठावी लागत नाही, नागपूर कराराने ठरलेलं खंडपीठ सिव्हिल लाइन्समध्ये आहे. याचिकेत मुख्य प्रतिवादी राज्य सरकार, पोलीस आयुक्त आणि ठाणेदार. आंदोलकांनाही प्रतिवादी करावं लागतं, नाहीतर पहिला प्रश्न येतो, ज्यांच्याविरुद्ध मागताय ते कुठे आहेत?

आणि इथे एक मोठी अट आहे. 2006 मध्ये पी. आर. मुरलीधरन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं की जो हक्क मुळात वादात आहे तो पोलीस संरक्षणाच्या याचिकेतून सिद्ध करून घेता येणार नाही. दोन भावांत कारखान्याच्या मालकीवरून भांडण आहे आणि एक भाऊ म्हणतो मला पोलीस द्या. त्याला आधी दिवाणी कोर्टातून आपला हक्क ठरवून आणावा लागेल. जागेचा करार संपलाय, जागामालक फाटकाला कुलूप लावून बसलाय, अशा गोष्टीलाही हेच. नाहीतर पोलिसांच्या काठीने मालकी ठरायला लागेल.

म्हणून कागद. प्लॉटची लीज, फॅक्टरी लायसन, प्रदूषण मंडळाची संमती, सगळं चालू मुदतीतलं. गावकरी सांडपाण्यासाठी बसलेत आणि तुमच्या संमतीची मुदत मार्चमध्येच संपलीय, तर समोरचा वकील दुसरं काही बोलणारच नाही, तेवढंच बोलेल. बेकायदा धंदा सुरळीत चालावा म्हणून कोणतंही कोर्ट पोलीस उभे करणार नाही.

दुसरा कागद म्हणजे पोलिसांना दिलेला अर्ज. 'आमचे अतोनात नुकसान होत आहे, तरी संरक्षण मिळावे' असे अर्ज मी ढिगाने पाहिले आहेत आणि त्यांचा उपयोग शून्य. अर्जात तारीख हवी, वेळ हवी, कोणतं फाटक ते हवं, गाडीचा नंबर हवा, चालकाचं नाव हवं, कोणी काय म्हटलं ते शक्यतो त्याच शब्दांत हवं. 'सकाळी सव्वानऊला गाडी आली, सहा जण आडवे झाले, चालकाने साडेअकराला गाडी परत फिरवली' या एका ओळीत कोर्टाला हवं ते सगळं आहे. अर्ज ठाण्यात द्या, प्रत उपायुक्त आणि आयुक्तांना द्या, आणि पोच घेतल्याशिवाय हलू नका. आवक शिक्का नसलेला अर्ज कोर्टात रद्दीच्या भावाचा. मोबाइलवर चित्रीकरण करत असाल तर फाटक, गाडी आणि अडवणारा माणूस एकाच चौकटीत यायला हवा. एकदा एका पक्षकाराने अभिमानाने चाळीस मिनिटांचं रेकॉर्डिंग आणून दिलं. त्यात घोषणा होत्या, हार घातलेली तसबीर होती, चहावाटप होतं. अडवलेली गाडी एकही नव्हती. ते आम्ही दाखल केलं असतं तर समोरच्याने आभार मानले असते.

याचिका तातडीची असेल तर सर्क्युलेशन, म्हणजे लवकरची तारीख, मागायचं. मॅटर बोर्डावर, म्हणजे त्या दिवशीच्या यादीत, लागलं की नोटीस निघते. पोस्टाची वाट बघायला वेळ नसतो, म्हणून ती हमदस्त, म्हणजे हातोहात, घेऊन क्लार्क स्वतः प्रतिवादींपर्यंत पोचवतो. मग सुनावणीला सरकारी वकील उठतात आणि म्हणतात, सूचना घेऊन सांगतो. पुढच्या तारखेला ते येतात ठाणेदाराचं उत्तर घेऊन: आम्ही परिस्थितीवर लक्ष ठेवून आहोत, गरजेप्रमाणे बंदोबस्त देऊ. अनेक याचिका इथेच संपतात. कोर्ट ते निवेदन नोंदवून घेतं आणि याचिका निकाली काढतं. पक्षकाराला वाटतं काहीच मिळालं नाही, वकील हरला. पण 'गरजेप्रमाणे देऊ' हे वाक्य आता कोर्टाच्या नोंदीत आहे, आणि उद्या ठाणेदार पुन्हा 'तुमचं तुम्ही मिटवा' म्हणाला तर त्याला त्याचंच वाक्य दाखवता येतं.

आदेशात काय नसतं

पूर्ण आदेश मिळालाच तर त्याचा साचा साधारण ठरलेला असतो. कामगार, अधिकारी, ग्राहक आणि वाहनं यांच्या ये-जाला पोलिसांनी अडथळा येऊ देऊ नये. आंदोलकांनी फाटकापासून अमुक मीटरच्या आत बसू नये; 50, 100, 200 असे आकडे दिसतात. शांततेने आंदोलन करण्याच्या हक्काला या आदेशाने बाधा येणार नाही. परिस्थिती बदलल्यास दोन्ही बाजूंना पुन्हा येण्याची मुभा.

किती पोलीस, किती वेळ, काठीधारी की नुसते उभे, हे कोर्ट सहसा लिहीत नाही. ते पोलिसांवर सोपवतं. मालकांना हे पळवाटेसारखं वाटतं. मला तसं वाटत नाही, आणि त्याचं कारण नागपुरातच आहे. 23 नोव्हेंबर 1994 ला विधानभवनावर निघालेला गोवारी समाजाचा मोर्चा मॉरिस कॉलेज टी-पॉइंटजवळ अडवला गेला. लाठीमार झाला, चेंगराचेंगरी झाली, 114 माणसं गेली, त्यात बाया आणि लेकरं कितीतरी. झिरो माइलजवळ त्यांचं स्मारक आहे, सीताबर्डीच्या उड्डाणपुलाला त्यांचं नाव आहे. रोज त्या पुलाखालून कोर्टात जाणाऱ्या माणसाने 'जमाव हटवा' हे दोन शब्द हलक्या हाताने लिहू नयेत. गर्दी कुठून, कशी, किती वेळात सरकवायची हे जागेवर उभ्या असलेल्यानेच ठरवावं, आणि चुकलं तर उत्तरही त्यानेच द्यावं.

जमावबंदी ही वेगळी गोष्ट. लोक दोन्हींत गल्लत करतात. ती पोलीस आयुक्त काढतात, नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 163 खाली, म्हणजे जुन्या 144 खाली, आणि ती सगळ्यांना लागू होते. या 144 चा सर्वोच्च न्यायालयातला एक गाजलेला निकाल नागपूरचाच आहे. 1956 च्या जानेवारीत, नागपूर अजून जुन्या मध्य प्रदेशची राजधानी असताना, इथल्या कापड गिरणी कामगारांच्या दोन संघटनांच्या वादातून जिल्हा दंडाधिकाऱ्यांनी जमावबंदी लावली. ती मोडल्याबद्दल अटक झालेले बाबूलाल पराते सर्वोच्च न्यायालयात गेले. 1961 मध्ये निकाल लागला: कलम घटनाबाह्य नाही, आणि त्रास देणारे व न देणारे यांना वेगळं काढणं शक्य नसेल तर आदेश सगळ्या जनतेला उद्देशून काढता येतो. कारखानदारांना जमावबंदी सोपी वाटते, पण त्यात त्यांच्याच फाटकावर शिफ्ट सुटल्यावर उभे राहणारे पाच कामगारही येतात.

खर्चाचं काय? महाराष्ट्र पोलीस कायद्याच्या कलम 47 आणि 48 मध्ये अर्जदाराच्या किंवा मोठ्या कामाच्या ठिकाणी जादा पोलीस नेमून त्याचा खर्च त्याच्याकडून वसूल करायची सोय आहे. म्हणजे महिनाभर दिवसरात्र फाटकावर माणसं हवी असतील तर बिल तुमच्या नावाने येऊ शकतं. गुन्हा घडत असताना धावून येण्याचं बिल मात्र कोणी लावू शकत नाही. दोन्हींतला फरक अर्जातच स्पष्ट ठेवावा.

आदेश आला, तरी गाडी अडली

असंही होतं. दिवाणी कोर्टाची मनाई मोडली तर आदेश 39 नियम 2-अ खाली मालमत्ता जप्त होऊ शकते, तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. उच्च न्यायालयाचा आदेश मोडला तर अवमान. न्यायालय अवमान कायद्यात (तोही 1971 चाच) सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा 2,000 रुपयांपर्यंत दंड. तो आंदोलकांना लागतो तसा आदेश मिळूनही स्वस्थ बसलेल्या पोलीस अधिकाऱ्यालाही लागतो.

पण अवमानाची नोटीस हे सुद्धा शेवटचं औषध नाही. केरळात विझिंजम बंदराच्या कामाविरुद्ध मच्छीमार बसले होते. 1 सप्टेंबर 2022 ला तिथल्या उच्च न्यायालयाने बंदर कंपनीला पोलीस संरक्षण दिलं. शांततेने आंदोलन करा, पण आत शिरू नका, अडवू नका. काम तरी सुरू झालं नाही. कंपनी अवमान याचिका घेऊन पुन्हा कोर्टात गेली. नोव्हेंबरअखेर विझिंजमच्या पोलीस ठाण्यावरच हल्ला झाला. आंदोलन थांबलं ते 6 डिसेंबरला, सरकारशी बोलणी झाल्यावर. आपल्याकडे 28 ऑक्टोबर 2025 ला बच्चू कडूंसोबत आलेले शेतकरी कर्जमाफीसाठी वर्धा रोडवर, हैदराबादच्या महामार्गावर बसले. दुसऱ्याच दिवशी खंडपीठाने स्वतःहून दखल घेतली आणि संध्याकाळी 6 पर्यंत रस्ता मोकळा करायला सांगितलं. कर्जमाफीचं बोलणं मात्र त्यानंतर मुंबईत, मुख्यमंत्र्यांच्या टेबलावर झालं. आदेशाने रस्ता सुटतो. मागणी जिथल्या तिथे असते.

आंदोलन करणाऱ्यांसाठीही दोन शब्द. मालक कोर्टात जाणार असा वास आला की दिवाणी कोर्टात कॅव्हेट, म्हणजे 'आम्हाला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका' असा आगाऊ अर्ज, लावून ठेवा. ते 90 दिवस चालतं, आणि तुम्हाला न ऐकता मनाई निघण्याची शक्यता कमी होते. फाटकाच्या एका बाजूला बसा, गाडीची वाट सोडून, आणि रोज एक फोटो काढून ठेवा. त्या फोटोत मोकळी वाट दिसली तर समोरच्याची अर्धी केस गेली.

अंतराच्या आकड्यावरून आठवलं. हिंगण्याकडच्या एका कारखान्यात कंत्राटी कामगारांचं आंदोलन होतं, मी मालकाकडून होतो. औद्योगिक न्यायालयाने आदेश दिला: फाटकापासून 100 मीटरच्या आत बसू नये. मे महिना, पारा 45 च्या आसपास. आदेशाची प्रत घेऊन हवालदार टेप आणि फक्कीची पिशवी घेऊन आला, आणि थांबला. "साहेब, फाटकं तर दोन हायेत. कोन्त्या फाटकापासून मोजाचं?" आदेशात एकवचन होतं. समोरच्या फाटकापासून मोजलं तर मांडव बाहेर पडत होता. मागच्या फाटकापासून मोजलं तर तो कडुनिंब आत येत होता, ज्याच्या सावलीत सगळे बसले होते. झाड सोडलं तर पुढे उघडा मुरूम. कामगारांचा पुढारी म्हणाला, "वकीलसाहेब, लाइन कुठंही मारा, पण पोरं उन्हात मरून राहिली, झाड तेवढं राहू द्या."

मालक आधी ऐकेना. मी विचारलं, मागच्या फाटकातून तुमची शेवटची गाडी कधी गेली? त्याने वॉचमनकडे पाहिलं. वॉचमन म्हणाला, ते तर अग्निशमनवाल्यांसाठी ठेवलंय, त्याची चावीच मिळून नाही राहिली दिवाळीपासून.

दुसऱ्या दिवशी दोन्ही बाजूंनी मिळून पुरसिस, म्हणजे कोर्टाला लेखी निवेदन, दिली. आदेशात दुरुस्ती झाली: अंतर समोरच्या फाटकापासून मोजावं, मागच्या बाजूच्या कडुनिंबाखाली जास्तीत जास्त 25 जणांनी बसण्यास हरकत नाही, मागची वाट अग्निशमनासाठी मोकळी ठेवावी. हवालदाराने पुन्हा फक्की मारली. दुपारी पहिला ट्रक समोरून आत गेला तेव्हा झाडाखालून घोषणा झाली, चालकाने हॉर्न दिला, आणि वॉचमन मागच्या फाटकाचं कुलूप तोडायला करवत शोधत होता.